‘अजून प्रसार झालेला नाही’ : हिवाळी ऑलिंपिकच्या एका बंद दाराचा इतिहास

१/
हिवाळी ऑलिंपिकमध्ये आजही एक क्रीडाप्रकार असा आहे, ज्यात स्त्रियांना प्रवेश नाही. त्याचे नाव नॉर्डिक कंबाइंड. १९२४ च्या पहिल्या स्पर्धेपासून तो कार्यक्रमात आहे आणि २०२६ च्या मिलान-कोर्तिना स्पर्धेच्या कार्यक्रमातही तो केवळ पुरुषांसाठीच आहे. हा थ्रेड त्या दाराविषयी, आणि ते बंद ठेवताना दिल्या जाणाऱ्या कारणाविषयी.

२/
प्रथम खेळाची ओळख. एकाच खेळाडूने उंच उतारावरून स्कीवर झेप घ्यायची आणि नंतर बर्फावरची लांब पल्ल्याची शर्यतही धावायची. उडीत मिळालेल्या गुणांवरून शर्यतीचा आरंभक्रम ठरतो : उडीत जो पहिला, तो आधी निघतो, बाकीचे गुणांच्या फरकाइतक्या वेळाने त्याच्या मागे. शेवटची रेषा जो प्रथम ओलांडतो, तो विजेता. उडीला धाडस लागते, शर्यतीला दम. या खेळाला दोन्ही.

३/
कोणता खेळ ऑलिंपिकचा, हे जणू निसर्गानेच ठरवले आहे असे अनेकांना वाटते. इतिहास तसे सांगत नाही. फिगर स्केटिंग प्रथम खेळले गेले ते १९०८ च्या लंडन येथील उन्हाळी ऑलिंपिकमध्ये. १९२० साली अँटवर्पला आइस हॉकीची भर पडली, तीही उन्हाळी स्पर्धेतच. हिवाळी खेळांची माहेरघरे असलेल्या स्कँडिनेव्हियन देशांचा तर स्वतंत्र हिवाळी ऑलिंपिकला विरोध होता. त्यांचे स्वतःचे ‘नॉर्डिक गेम्स’ स्टॉकहोम येथे १९०१ पासून सुरू झाले होते.

४/
१९२४ साली फ्रान्समधील शामोनी येथे स्पर्धा भरली, तेव्हा तिचे नाव होते ‘आंतरराष्ट्रीय हिवाळी क्रीडा सप्ताह’. ‘पहिले हिवाळी ऑलिंपिक’ ही पदवी तिला नंतर बहाल झाली. त्याच सप्ताहात खेळल्या गेलेल्या कर्लिंगचे स्थान पुढे कित्येक दशके संदिग्ध राहिले. ती पदके अधिकृत असल्याचे आंतरराष्ट्रीय ऑलिंपिक समितीने मान्य केले ते थेट २००६ साली. कार्यक्रमपत्रिका पुढे सरकताना बदलतेच, पण प्रसंगी मागे वळूनही बदलली जाते.

५/
बदलांमागची कारणे मोठी उद्बोधक आहेत. कधी कारण पैशाचे असते. १९६० साली अमेरिकेतील स्क्वॉ व्हॅली येथे बॉबस्ले झालेच नाही, कारण मोजक्या संघांसाठी घसरमार्ग बांधण्यास आयोजकांनी नकार दिला. कधी कारण जागेचे असते. स्केलेटन हा खेळ १९२८ आणि १९४८ या दोनच वर्षी दिसला, कारण दोन्ही वेळा यजमान होते सेंट मॉरिट्झ आणि त्याचा प्रसिद्ध घसरमार्ग तेथेच होता. त्यानंतर तो परतला थेट २००२ साली.

६/
कधी कारण प्रतिष्ठेचे असते. १९३६ साली गार्मिश-पार्टेनकिर्शेन येथे अल्पाइन स्कीइंगचा प्रवेश झाला. परंतु स्की शिकवून पोट भरणारे प्रशिक्षक ‘व्यावसायिक’ ठरवून वगळले गेले आणि ऑस्ट्रिया व स्वित्झर्लंडच्या स्कीपटूंनी त्यावर बहिष्कार टाकला. कधी कारण प्रेक्षकांचे असते. फिगर स्केटिंगमध्ये बर्फावर अचूक वर्तुळाकृती कोरण्याचा भाग एकेकाळी निर्णायक होता. दूरचित्रवाणीच्या युगात तो कंटाळवाणा ठरला आणि १९९० नंतर हद्दपार झाला.

७/
आता स्त्रियांकडे वळू. १९२४ साली त्यांना खुला होता तो केवळ फिगर स्केटिंगचा रिंगण. इतर खेळांत पुरुषांचा आणि स्त्रियांचा प्रवेश पुढीलप्रमाणे झाला :
क्रॉस-कंट्री स्कीइंग : १९२४ आणि १९५२
स्पीड स्केटिंग : १९२४ आणि १९६०
बायथलॉन : १९६० आणि १९९२
आइस हॉकी : १९२४ आणि १९९८
बॉबस्ले : १९२४ आणि २००२
स्की जम्पिंग : १९२४ आणि २०१४
नॉर्डिक कंबाइंड : १९२४ आणि … अद्याप नाही

८/
या यादीशेजारी दुसरी यादी ठेवावी. अल्पाइन स्कीइंग (१९३६), स्नोबोर्ड (१९९८), स्की क्रॉस (२०१०), स्की माउंटेनियरिंग (२०२६). या चारही प्रकारांत स्त्री आणि पुरुष एकाच वर्षी दाखल झाले. म्हणजे अडसर शरीराचा नव्हता, बर्फाचाही नव्हता. जे खेळ आधीच आत बसले होते, त्यांनी दार धरून ठेवले. जे नव्याने आले, ते दोघांना घेऊनच आले.

९/
स्की जम्पिंगची कथा या संदर्भात मुळातून पाहण्याजोगी आहे. नॉर्वेतील ट्रिसिल येथे १८६२ साली इंग्रिड वेस्टबी या तरुणीने स्पर्धेत उडी मारल्याची नोंद आहे. म्हणजे स्त्रियांची उडी हिवाळी ऑलिंपिकपेक्षा सहा दशकांनी जुनी. तरीही ही झेप स्त्रियांच्या शरीराला वैद्यकीयदृष्ट्या योग्य नाही, अशा आशयाचे विधान आंतरराष्ट्रीय स्की महासंघाच्या तत्कालीन अध्यक्षांनी २००५ साली केले होते.

१०/
नोव्हेंबर २००६ मध्ये ऑलिंपिक समितीने २०१० च्या व्हँकूव्हर स्पर्धेसाठी स्त्रियांची स्की जम्पिंग नाकारली. कारण दिले गेले : खेळाचा पुरेसा प्रसार नाही, जागतिक अजिंक्यपद स्पर्धांचा पाया नाही. त्याच वेळी स्की क्रॉसला मात्र प्रवेश मिळाला, ज्याची जागतिक अजिंक्यपद लढत तोवर २००५ साली एकदाच झाली होती. मोजपट्टी एकच होती. ती धरणारा हात मात्र कधी सैल, कधी घट्ट होता.

११/
खेळाडू न्यायालयात गेल्या. जुलै २००९ मध्ये ब्रिटिश कोलंबियाच्या सर्वोच्च न्यायालयाने निकाल दिला : हा भेदभाव आहे. परंतु तो करणारी ऑलिंपिक समिती कॅनडाच्या अधिकारपत्राच्या कक्षेत येत नाही आणि तो दूर करणे स्थानिक आयोजकांच्या हाती नाही. अन्याय मान्य, उपाय मात्र नाही. अमेरिकेची लिंडसे व्हॅन त्याच वर्षी लिबेरेत्स येथे स्त्रियांची पहिली जागतिक विजेती ठरली होती. २०१० च्या ऑलिंपिकमध्ये तिला उडी मारता आली नाही.

१२/
एप्रिल २०११ मध्ये निर्णय फिरला. ११ फेब्रुवारी २०१४ रोजी सोची येथे जर्मनीच्या कारिना फोग्टने स्त्रियांच्या स्की जम्पिंगचे पहिले ऑलिंपिक सुवर्ण जिंकले. पुरुषांनंतर तब्बल ९० वर्षांनी. २०२२ साली मिश्र सांघिक स्पर्धा आली आणि २०२६ च्या कार्यक्रमात स्त्रियांसाठी मोठ्या टेकडीवरील उडीही आली.

१३/
आता नॉर्डिक कंबाइंड. जून २०२२ मध्ये ऑलिंपिक समितीने २०२६ साठी स्त्रियांची स्पर्धा नाकारली. कारणे परिचयाचीच होती. जागतिक अजिंक्यपद स्पर्धा तोवर एकच झाली होती, २०२१ साली ओबर्स्टडॉर्फ येथे, आणि तीत केवळ दहा देश उतरले. पुरुषांच्या खेळालाही इशारा मिळाला : मागील तीन ऑलिंपिकमधील सर्व २७ पदके नॉर्वे, जर्मनी, जपान आणि ऑस्ट्रिया या चारच देशांकडे गेली, प्रेक्षकही कमी, तेव्हा पुढचे स्थान गृहीत धरू नये.

१४/
२७ पदके आणि चार देश. आकडा प्रभावी आहे. पण इतिहासाची जुनी पाने उलटली, तर त्याहून प्रभावी आकडा सापडतो. १९२४, १९२८, १९३२ आणि १९३६ या चार ऑलिंपिकमध्ये नॉर्डिक कंबाइंडची एकूण १२ पदके दिली गेली. बाराच्या बारा पदके एकट्या नॉर्वेने नेली. त्यासाठी खेळाला कोणी बाहेरची वाट दाखवली नाही. १९४८ साली फिनलंडच्या हेइक्की हासूने सुवर्ण जिंकले, तेव्हा कोठे ती मक्तेदारी मोडली.

१५/
२०२१ च्या स्त्रियांच्या पहिल्या जागतिक स्पर्धेतही तिन्ही पदके नॉर्वेकडेच गेली. म्हणजे १९२४ साली पुरुषांचे जे चित्र होते, तेच ९७ वर्षांनी स्त्रियांचे दिसले. पहिल्या चित्राला परंपरेचा आरंभ म्हटले गेले. दुसऱ्याला अपात्रतेचा पुरावा. पुरुषांना आत राहून वाढण्यासाठी २४ वर्षे मिळाली. स्त्रियांना सांगितले गेले की आधी वाढा, मग आत या.

१६/
समितीची बाजूही नीट ऐकली पाहिजे. २०२६ च्या कार्यक्रमात ११६ स्पर्धा आहेत आणि खेळाडूंची संख्या सुमारे २,९०० वर मर्यादित आहे. एकूण जागांपैकी सुमारे ४७ टक्के स्त्रियांच्या आहेत. क्रॉस-कंट्रीत तर दोघांसाठी समान अंतरे आली असून स्त्रियाही आता ५० किलोमीटर धावतात. प्रत्येक नव्या स्पर्धेसाठी कोणाची तरी जागा जाते. प्रत्येक खेळाला सामावून घ्यावे, असे कोणीही म्हणू शकणार नाही. प्रेक्षक नसलेला खेळ वगळण्याचा अधिकारही समितीला आहेच.

१७/
तथापि ‘प्रसार झाला की प्रवेश’ हा क्रम इतिहासाला मान्य नाही. स्त्रियांच्या आइस हॉकीचा दाखला घ्या. १९९८ साली नागानो येथे केवळ सहा संघ होते. तेव्हापासून २०२२ पर्यंतची सातही सुवर्णपदके अमेरिका आणि कॅनडा यांनीच वाटून घेतली. २०१० साली तर खेळ सुधारला नाही तर स्थान धोक्यात, असा इशाराही मिळाला. तरी दार बंद झाले नाही. २००२ साली आठ संघ झाले, २०२२ साली दहा.

१८/
येथे कार्यकारण उलटे आहे. ऑलिंपिकमध्ये स्थान मिळाले की देशांचे क्रीडा महासंघ निधी देतात, प्रशिक्षक नेमतात, आणि मुलींना त्या खेळात उद्याची वाट दिसते. स्थान नसेल, तर यातले काहीच घडत नाही. आणि काही घडले नाही, हेच पुढच्या नकाराचे कारण होते. जिला विहिरीत उतरू दिले नाही, तिला पोहता येत नाही म्हणून नावे ठेवण्यासारखेच हे.

१९/
नॉर्डिक कंबाइंडच्या स्त्री-खेळाडूंनी स्पर्धास्थळी आपल्या काठ्या डोक्यावर फुलीसारख्या धरून निषेध नोंदवला आहे. त्यांच्यापुढचा धोका दुहेरी आहे. २०३० च्या कार्यक्रमातून हा खेळच गेला, तर स्त्री-पुरुष समता साधली जाईल खरी, पण दोघांनाही बाहेर काढून. दार उघडण्याऐवजी भिंतच पाडायची आणि तिला न्याय म्हणायचे, असा तो प्रकार होईल.

२०/
इतिहासप्रेमींनी म्हणूनच कार्यक्रमपत्रिकेकडे निकालपत्रिकेइतक्याच चिकित्सेने पाहावे. कोण जिंकले, हे निकालपत्रिका सांगते. कोणाला हरण्याचीही संधी मिळाली नाही, हे मात्र कार्यक्रमपत्रिकेतूनच कळते. ‘अजून प्रसार झालेला नाही’ हे वाक्य पुन्हा कानी पडले, तर १९२४ ते १९३६ ची ती बारा पदके आठवावीत. त्या वेळी या खेळात पदके नेणारा देश एकच होता, आणि तेवढे पुरेसे मानले गेले होते.