चुकाऱ्याचा चेक आणि तारणाचा चेक



ज्वारी घरात राहते, कापूस बाजारात जातो. म्हणून चेकशी गाठ पडते ती कापसाच्या हंगामात. व्यापारी कापूस मोजून घेतो आणि विचारतो, रोख पाहिजे की चेक? रोख मागितली तर शेकड्याने कापतो. पूर्ण भाव पाहिजे तर पंधरा दिवस पुढच्या तारखेचा चेक हातात देतो. हा चुकाऱ्याचा चेक.

दुसरा चेक आपण देतो. ट्रॅक्टरचे कर्ज असो, बी-खताची उधारी असो की गावातल्या सावकाराचे पैसे असोत, देणारा आपल्याकडून सही केलेले कोरे चेक ठेवून घेतो. हा तारणाचा चेक. कायदा या दोन्ही चेकना एकाच मापाने मोजतो. आमचे भांडण तिथेच आहे.

चेकचा कायदा १८८१ सालचा, इंग्रजांच्या वेळचा. त्यात कलम १३८ घातले गेले आणि १ एप्रिल १९८९ पासून चेक न वटणे हा गुन्हा झाला. आधी शिक्षा एक वर्षापर्यंत होती, २००३ पासून ती दोन वर्षांपर्यंत झाली. चेकच्या रकमेच्या दुपटीपर्यंत दंडही होऊ शकतो. चेकवर लोकांचा विश्वास बसावा, हा हेतू सांगितला गेला. हेतू वाईट नाही. आज या कायद्याचा धाक कोणाला वाटतो, एवढेच आमचे विचारणे आहे.

चुकाऱ्याचा चेक परत आला तर शेतकरी काय करतो? व्यापाऱ्याच्या दुकानाचे खेटे घालतो. व्यापारी म्हणतो, "पुढच्या सोमवारी टाका." असे चार सोमवार गेले की कायद्याची मुदत संपते. म्हणून हे दिवस पाठ करा. चेकवरच्या तारखेपासून तीन महिन्यांत तो बँकेत टाकायचा. २०१२ पूर्वी ही मुदत सहा महिन्यांची होती. चेक परत आल्याचे बँकेकडून कळल्यापासून तीस दिवसांत व्यापाऱ्याला लेखी नोटीस द्यायची. नोटीस मिळाल्यापासून त्याला पंधरा दिवस. तेवढ्यात पैसे आले नाहीत तर पुढच्या एका महिन्यात न्यायदंडाधिकाऱ्याकडे तक्रार. तक्रारीला उशीर झाला तर सबळ कारण दाखवल्यावर कोर्ट माफ करू शकते. नोटिशीच्या तीस दिवसांना माफी नाही. फर्मचा चेक असेल तर फर्म आणि सही करणारा, दोघांच्या नावे नोटीस द्या. बँकेचा परतीचा कागद आणि काट्याची पावती जपून ठेवा.

कोरपना-राजुऱ्याचा कापूस आदिलाबादकडे जातो, सिरोंच्याचा माल नदी ओलांडून तेलंगणात जातो. चेक तिकडच्या बँकेचा असतो. १ ऑगस्ट २०१४ रोजी सुप्रीम कोर्टाने दशरथ रूपसिंग राठोड विरुद्ध महाराष्ट्र राज्य या खटल्यात सांगितले, की चेक देणाऱ्याची बँक जिथे असेल तिथेच खटला चालेल. म्हणजे सिरोंच्याच्या शेतकऱ्याने वारंगळला तारखा करायच्या! २०१५ साली कायदा दुरुस्त झाला. आता चेक आपण आपल्या खात्यात जमा केला, तर आपली शाखा ज्या कोर्टाच्या हद्दीत आहे तिथे तक्रार करता येते. हा हक्क आपल्या सीमेवरच्या गावांनी वापरला पाहिजे.

आता तारणाचा चेक पाहा. इथे घेणाऱ्याकडे वकील पगारी असतो, नोटिशीचा मसुदा छापील असतो, एकही तारीख चुकत नाही. २०१९ साली सुप्रीम कोर्टाने सांगितले, की आपखुशीने सही करून दिलेल्या कोऱ्या चेकवर रक्कम दुसऱ्याने भरली, तरी सही करणारा जबाबदारच धरला जातो. देणे नव्हते हे दाखवण्याचा भार त्याच्यावर. २०१८ च्या दुरुस्तीने खटला चालू असतानाच रकमेच्या वीस टक्क्यांपर्यंत भरायला लावण्याचा अधिकार कोर्टाला मिळाला. एक दिलासा २०२२ चा आहे. काही रक्कम फेडल्यावरही चेक पूर्ण रकमेचा टाकला आणि ती फेड चेकवर नोंदवली नाही, तर कलम १३८ लागत नाही. पण त्यासाठी फेडीची पावती हातात पाहिजे.

व्यापाऱ्याने कापूस नेला, जिनिंगला घातला, पैसे केले आणि आपला चेक परत पाठवला. ही लबाडी आहे. शेतकऱ्याचा चेक परत येतो तो पाऊस दगा देतो आणि भाव पडतो म्हणून. सातबाऱ्यावर बोजा चढवला असताना वर कोरा चेक कशाला? तो पैसे वसूल व्हावेत म्हणून घेतलेला नसतो, तुरुंगाची भीती दाखवायला घेतलेला असतो. कर्ज बुडणे हा दिवाणी मामला आहे. कोऱ्या चेकच्या मागच्या दाराने तो फौजदारी केला गेला.

जून २०२० मध्ये केंद्र सरकारने हे कलम गुन्ह्यातून काढण्याचा विचार मांडला, तेव्हा व्यापाऱ्यांच्या संघटनांनीच विरोध केला. विचार बारगळला. आम्हीही कलम सरसकट काढा म्हणत नाही. एकाधिकार खरेदीत चुकारा उशिरा मिळे, पण देणारे सरकार होते. ती मक्तेदारी गेली ते बरे झाले. मात्र खुल्या बाजारात दिलेला शब्द पाळला गेला पाहिजे, नाहीतर तो बाजार लुटीचा होतो. आणि कोर्टाचे म्हणाल तर २०१९ अखेर देशात २ कोटी ३१ लाख फौजदारी खटले पडून होते, त्यातले ३५ लाखांवर चेकचे. त्या रांगेत आपला चुकारा किती वर्षे उभा राहणार?

म्हणून जिल्हा बैठकीत ठराव व्हावेत असे आम्हाला वाटते. एक, बाजार समितीच्या आवारात पुढच्या तारखेचा चेक बंद. व्यापाऱ्याचा चेक परत आला, तर चुकारा होईपर्यंत परवाना स्थगित. समिती सेस घेते, तर चुकाऱ्याची हमीही तिनेच घ्यावी. दोन, शेतीकर्जाला तारण म्हणून घेतलेला कोरा चेक कलम १३८ मधून वगळावा. तीन, प्रत्येक तालुक्यात चेकच्या तारखा सांभाळणारे दोन कार्यकर्ते नेमावेत. आदिवासींना आणि स्त्रियांना उत्पन्नाची अट न लावता तालुका विधी सेवा समितीकडून मोफत वकील मिळतो. तो त्यांनी मिळवून द्यावा.

कायदा बदलेल तेव्हा बदलेल. तोवर एवढे तर आपल्या हातात आहे: कोऱ्या चेकवर सही करायची नाही, आणि परत आलेल्या चेकचे तीस दिवस वाया घालवायचे नाहीत.