एका लॅपटॉपमध्ये दोन संसार

घरात लॅपटॉप एकच, तोही ॲपलचा मॅकबुक. मुलीचा अभ्यास मॅकओएसवर चालतो, तर वडिलांच्या दुकानाचा हिशेब विंडोजसाठी बनलेल्या टॅलीवर. अशा घरांची सोय ॲपलने २००६ मध्ये ‘बूट कॅम्प’ आणून केली. इंटेलचा प्रोसेसर असलेल्या मॅकमध्ये डिस्कचे दोन भाग करून एकात मॅकओएस आणि दुसऱ्यात विंडोज ठेवता येते. सुरू करताना ऑप्शनचे बटण दाबून धरले की हवी ती प्रणाली निवडता येते.

मात्र मॅकचा कीबोर्ड, टचपॅड, कॅमेरा, वाय-फाय कसे चालवायचे, हे विंडोजला आपोआप कळत नाही. ते सांगणारा छोटा प्रोग्राम म्हणजे ड्रायव्हर. तो जुना झाला किंवा बिघडला की आवाज बंद होतो, वाय-फाय सापडत नाही, आणि घरचे लोक लॅपटॉपच बिघडला असे समजून दुरुस्तीला नेतात. त्याआधी ड्रायव्हर नवे करून पाहावेत.

पण सुरुवात हिशेबाच्या फायलींपासून करावी. मॅकची ‘टाइम मशीन’ ही सोय विंडोजच्या भागाची प्रत ठेवत नाही, हे अनेकांना ठाऊक नसते. म्हणून टॅलीचा सगळा डेटा आधी बाहेरच्या डिस्कवर उतरवून घ्यावा. लॅपटॉप चार्जरला जोडून ठेवावा.

मग विंडोजमध्ये ‘ॲपल सॉफ्टवेअर अपडेट’ उघडून तेथे दिसणारे नवे ड्रायव्हर घ्यावेत. तेवढ्याने काम झाले नाही, तर मॅकओएस सुरू करून ती आधी अद्ययावत करावी. ‘बूट कॅम्प असिस्टंट’च्या ॲक्शन मेनूतून विंडोज सपोर्ट सॉफ्टवेअर १६ जीबीच्या रिकाम्या पेनड्राइव्हवर उतरवावे. पुन्हा विंडोजमध्ये येऊन पेनड्राइव्हवरील बूट कॅम्प फोल्डरमधील ‘सेटअप’ चालवावे आणि लॅपटॉप बंद करून सुरू करावा. या काळात कीबोर्ड वा टचपॅड रुसला, तर यूएसबीचा साधा कीबोर्ड व माऊस जोडून काम पुरे करता येते. ‘ड्रायव्हर फुकट’ अशी जाहिरात करणाऱ्या परक्या ठिकाणांहून काहीही घेऊ नये.

या सोयीला मर्यादाही आहे. २०२० पासून आलेल्या ॲपलच्या स्वतःच्या चिपच्या मॅकवर बूट कॅम्प चालत नाही. विंडोज १० चे नियमित पाठबळ १४ ऑक्टोबर २०२५ रोजी संपले, आणि विंडोज ११ ला बूट कॅम्पची मान्यता नाही. नव्या ड्रायव्हरने आवाज परत येईल, सुरक्षा नव्हे. तेव्हा जुन्या विंडोजवर हिशेब ठेवावा, पण बँकेचे व्यवहार मॅकओएसच्या बाजूनेच करावेत. आणि हिशेबाची प्रत दर आठवड्याला बाहेर काढून ठेवावी. लॅपटॉप बदलता येतो, दहा वर्षांची खातेवही पुन्हा लिहिता येत नाही.