नफा कंपनीचा, बदनामी स्त्रीची!

ऐरोली-महापेच्या कारखानदारी पट्ट्यात आज माहितीची अजस्र गोदामे उभी आहेत. माणसाचे जगणे हाच या नव्या भांडवलाचा कच्चा माल. स्त्रीच्या विवस्त्र देहाची, तिच्या संमतीविना पसरविलेली चित्रफीतही इंटरनेटच्या बाजारात खपते. माहिती तंत्रज्ञान कायदा, २००० मधील कलम ६६-ई ती पसरविणाऱ्याला तीन वर्षांपर्यंत कैद सांगते. जिच्या मंचावर ती फिरते त्या कंपनीला मात्र कलम ७९ सशर्त अभय देते. जाहिरातीचा पैसा कंपनीला, बदनामी स्त्रीला!

श्रीलंकेच्या २०२४ च्या ऑनलाइन सुरक्षा कायद्यावर विरोधी आवाज दडपण्याचे हत्यार म्हणून टीका झाली. तेव्हा सरकारच्या हाती आणखी कात्री देणे हा उपाय नव्हे. नफ्याच्या धन्यालाच नुकसानीचा धनी करा!