पडद्यावरची स्त्री आणि पडून राहिलेले भांडवल

जुनी चित्रफीत जतन केली की कर्तव्य संपले, असे आपण मानतो. अमेरिकन कलावती डारा बर्नबॉम यांनी १९७८-७९ साली ‘वंडर वुमन’ या दूरचित्रवाणी मालिकेतील, गिरकी घेताच साध्या स्त्रीची वीरांगना होते तो क्षण निवडला आणि पुनःपुन्हा दाखविला. त्या पुनरावृत्तीने चमत्कार विरला. स्त्रीची प्रतिमा घडविणारे यंत्र तेवढे दिसू लागले.

अशी सामग्री आपल्याकडे नाही काय? दादासाहेब फाळके यांच्या ‘राजा हरिश्चंद्र’मध्ये (१९१३) तारामती रंगविली ती साळुंके या पुरुष नटाने, ‘कालिया मर्दन’मध्ये (१९१९) कृष्ण झाली ती फाळक्यांची कन्या मंदाकिनी. या चित्रपटांचे उरलेले भाग शेजारी ठेवले, तर पडद्यावरचे स्त्रीत्व रचलेले असते, हे व्याख्यानावाचून उमगेल.

पुण्याचे राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय १९६४ साली जनतेच्या पैशातून उभे राहिले. पडून राहिलेले भांडवल उत्पन्न देत नाही, हा अर्थशास्त्राचा साधा नियम येथेही लागू आहे. चित्रपटाचा स्वामित्वहक्क ६० वर्षांनी संपतो. तेव्हा फाळक्यांच्या चित्रपटांना कायद्याचा तो अडसरही उरलेला नाही. मग राहुरीच्या विद्यार्थिनीलाही ही दृश्ये अल्प खर्चात मिळावीत, कापता-जोडता यावीत. ज्या प्रतिमांनी आपली नजर घडविली, त्या तपासण्याचा अधिकार केवळ महानगरांचा नव्हे.