मुलगी आणि रुपेरी पडदा

मुलीला बोलपटांत काम करूं द्यावें काय, हा प्रश्न निगडीपासून चाकणपर्यंतच्या कारखानदारी पट्ट्यांतील नोकरदार घरांतही आतां उपस्थित होतो. त्याचें उत्तर 'होय' वा 'नाहीं' असें एका शब्दांत देण्यापेक्षां पिंपरी-चिंचवडच्याच सोनाली कुलकर्णी हिच्या उदयकालाकडे आम्ही वाचकांचें लक्ष वेधूं इच्छितों. ('दोघी'मधील त्याच नांवाची नटी ती निराळी, नामसाम्यामुळें होणारा घोटाळा अद्याप मिटलेला नाहीं!)

सोनालीचें नांव प्रथम ऐकूं आलें तें २००७ सालच्या केदार शिंदे यांच्या 'बकुळा नामदेव घोटाळे'मुळें. पण घरोघर ती पोहोंचली २०१० च्या जानेवारींत आलेल्या 'नटरंग'मुळें. आनंद यादव यांच्या कादंबरीवरून रवी जाधव यांनीं काढलेल्या या बोलपटांत ती तमाशांतील नयना झाली आहे. फडांत नाच्या हवाच, असा आग्रह नयनेकडून येतो, आणि राजाची भूमिका करण्याचें स्वप्न पाहणाऱ्या गुणाला नाच्या व्हावें लागतें. कथानकाला वळण देणारी अशी ही भूमिका! तथापि लोकांच्या ध्यानांत राहिलें तें 'अप्सरा आली' हें गाणें.

१९१३ सालीं फाळके यांच्या 'मोहिनी भस्मासुर'मध्यें दुर्गाबाई कामत व त्यांची कन्या कमलाबाई यांनीं भूमिका केल्या, तेव्हां पडद्यावर स्त्रियांचीं सोंगें पुरुषच आणीत. १९३२ सालीं दुर्गाबाई खोटे 'अयोध्येचा राजा'त तारामती झाल्या, आणि पांढरपेशा घरांतील विरोध हळूहळू सैलावला. आतां कुलकर्ण्यांच्या मुलीनें घुंगरू बांधले म्हणून कोणी दार लावून घेत नाहीं. उलट पाहुण्यांपुढें मुलीला हौसेनें 'अप्सरा' नाचावयास लावणारी आईच, तिनें पुढें नृत्याच्या रीतसर शिक्षणासाठीं पांच वर्षें मागितलीं कीं कपाळाला आठ्या घालते! घरानें परवानगी दिली, पण अवधि दिला नाहीं, तर ती परवानगी काय कामाची?

कारण हा अवधि मोठा असतो. एका गाण्यानें मिळालेली कीर्ति नटीला त्या गाण्यांतच कोंडून ठेवूं पाहते. सोनालीनें २०१२ सालीं 'अजिंठा'मध्यें पारो रंगविली, पुढें इतरही कामें केलीं. आणि 'नटरंग'नंतर नवव्या वर्षीं, २०१९ सालीं, प्रसाद ओक यांच्या 'हिरकणी'त तिला नांवाचीच भूमिका लाभली. तेथें ती गवळण आहे. रायगडाचे दरवाजे बंद झाले आहेत, खालीं तान्हें बाळ एकटें आहे, आणि रात्रीच्या काळोखांत कडा उतरावयाचा आहे. आमच्या घरोघरच्या आजीबाई ही गोष्ट नातवंडांना सांगत आल्या आहेत; त्यांनीं नातीला शेजारीं बसवून हा बोलपट अवश्य पाहावा.