सूड कुणाचा, न्याय कुणाला?

पोखर्णी म्हटले की परभणीच्या माणसाला नृसिंहाचे मंदिर आठवते. आम्हाला सोबत महात्मा फुलेही आठवतात. १८७३ च्या 'गुलामगिरी'त जोतीरावांनी नृसिंहाची कथा हिरण्यकश्यपूच्या बाजूने सांगितली आणि त्याच्या वधाला कपट ठरवले. म्हणजे कुणाचा सूड पुण्य आणि कुणाचा गुन्हा, हे कथा सांगणारा ठरवतो.

सिनेमातही तेच. नायकाच्या घरच्यांवर अत्याचार होतो, मध्यंतरानंतर तो एकेकाला संपवतो, थिएटरात शिट्ट्या पडतात. खलनायक मेला, प्रश्न मिटला! पण जात एका माणसात राहत नाही, म्हणून ती एका माणसाबरोबर मरतही नाही.

आता आपल्यातल्या दोन दिग्दर्शकांचे पहिले चित्रपट पाहा. नागराज मंजुळे यांच्या 'फँड्री'त (२०१३) कैकाडी समाजाच्या जब्याला शाळेसमोर, त्याला आवडणाऱ्या मुलीच्या डोळ्यांदेखत डुक्कर पकडावे लागते. शेवटी त्याने भिरकावलेला दगड थेट पडद्याबाहेर, आपल्या दिशेने येतो. मारी सेल्वराज यांच्या तमिळ 'परियेरुम पेरुमाळ'मध्ये (२०१८) कायद्याचा विद्यार्थी परियन मारहाण आणि विटंबना सोसतो. त्याच्या वडिलांनाही अपमानित केले जाते. जातीच्या 'इज्जती'साठी खून करून त्याला अपघाताचे रूप देणारा म्हातारा त्याच्या मागावर असतो. थरारपटाचा सगळा दारूगोळा तयार आहे. तरीही परियन कुणाचा जीव घेत नाही. मुलीच्या बापाला तो तोंडावर सुनावतो की तुम्ही आहात तसेच राहिलात, तर काहीच बदलणार नाही.

आमचे तरुण मित्र इथे चिडतात. ते विचारतात, ''मार खायचा आम्ही आणि समजूतदारपणाही आम्हीच दाखवायचा? हे सवर्ण प्रेक्षकाला सुखावणारे नाही का?'' प्रश्न रास्त आहे. सहन करण्याचे कौतुक करून अत्याचार झाकणारे पुष्कळ आहेत. पण सूड नाकारणे म्हणजे माफ करणे नव्हे.

२० मार्च १९२७ ला महाडच्या चवदार तळ्याचे पाणी प्यायल्याबद्दल आपल्या लोकांवर हल्ला झाला. प्रतिहल्ल्याची ताकद असूनही बाबासाहेबांनी लोकांना आवरले. म्हणून ते गप्प बसले का? त्याच वर्षी २५ डिसेंबरला मनुस्मृती जळाली. माणूस नव्हे, माणसाला हीन ठरवणारा ग्रंथ जळाला. तळ्याचा खटला दहा वर्षे लढवला आणि १९३७ मध्ये मुंबई उच्च न्यायालयात जिंकला. आपला राग असा असतो, लांब पल्ल्याचा.

आणि हे सारे आम्ही परभणीत बसून लिहितो आहोत. १० डिसेंबर २०२४ ला इथे बाबासाहेबांच्या पुतळ्यासमोरील संविधानाच्या प्रतिकृतीची विटंबना झाली. त्यानंतरच्या आंदोलनात पकडलेला एक तरुण १५ डिसेंबरला न्यायालयीन कोठडीत असताना गेला. त्याचे नाव महाराष्ट्राला सांगावे लागत नाही. तोही परियनसारखा कायद्याचा विद्यार्थी होता. त्याच्या आईने हाती काठी घेतली नाही, याचिका घेतली. जुलै २०२५ मध्ये उच्च न्यायालयाने गुन्हा नोंदवण्याचा आदेश दिला. राज्य सरकार त्याविरुद्ध सर्वोच्च न्यायालयात गेले, तिथेही तो आदेश टिकला.

गुन्हा नोंदवून घेण्यासाठीच एका आईला इतके झगडावे लागत असेल, तर सूडपटाला टाळ्या का पडतात हे आम्हाला कळते. न्याय रेंगाळतो तिथे सूड सोपा वाटू लागतो. त्यामुळे पोरांना शांत राहायला सांगणाऱ्यांनी आधी व्यवस्थेला जागे राहायला सांगावे.

जब्याचा दगड पडद्याबाहेर आला आहे. तो कुणाचे डोके फोडण्यासाठी नव्हता. आपण कुणाच्या बाजूने उभे आहोत, एवढेच त्याला विचारायचे होते. उत्तर प्रत्येकाने द्यायचे आहे.

जय भीम!