जपणं आणि कोंडणं



हा अंक तुमच्या हाती पडेल तेव्हा कॉलेजं सुरू होऊन थोडे दिवस झाले असतील. गावोगावच्या कितीतरी मुली पहिल्यांदाच घर सोडून हॉस्टेलवर राहायला गेल्या असतील. मुलगा शिकायला निघाला की आपण म्हणतो, ‘नाव काढ.’ मुलगी निघाली की म्हणतो, ‘सांभाळून राहा.’ यात माया असतेच, पण मुलीनं मिळवायचं काही नाही, फक्त गमवायचं नाही, असाही त्याचा अर्थ होतो. कॉलेजचं प्रशासनही पुढे हीच माया हातात घेतं आणि तिची नियमावली करतं. या अंकात या सांभाळण्याविषयीच बोलायचं आहे.

निमित्त घडलं ते असं. आमच्या जिल्ह्यातल्या एका कॉलेजात गेल्या सत्रात वादविवाद स्पर्धा झाली. त्यात एक मुलगा म्हणाला की, मुलींना व्यावसायिक शिक्षणाच्या जागा देणं म्हणजे जागा वाया घालवणं, शेवटी त्या लग्न करून घरीच बसतात. टाळ्या पडल्या. पाच मुली दुसऱ्या दिवशी प्राचार्यांकडे लेखी अर्ज घेऊन गेल्या. हा स्त्रियांचा अपमान आहे, त्या मुलावर लैंगिक छळाच्या कायद्याखाली कारवाई करा, अशी त्यांची मागणी होती. तिसऱ्या दिवशी फळ्यावर सूचना लागली : विद्यार्थिनींच्या भावना लक्षात घेऊन वादविवाद स्पर्धा आणि भित्तिपत्रक पुढील आदेशापर्यंत बंद ठेवण्यात येत आहेत. या निर्णयाला पाठिंबा देणारं पत्र आपल्या संघटनेनं द्यावं, असा निरोपही आला.

आमच्या बैठकीत यावर बराच वाद झाला. काहीजणींचं म्हणणं, ‘मुली पहिल्यांदाच लिहून तक्रार करायला पुढे आल्या आहेत. त्यांना आपणच परत पाठवलं तर त्या पुन्हा कधी येणार?’ काहीजणी म्हणाल्या, ‘एवढ्याशा बोलण्यानं रडणाऱ्या मुली उद्या नोकरीत काय करणार?’ मला दोन्ही म्हणणी अपुरी वाटली. का, ते सांगते.

कामाच्या ठिकाणचा लैंगिक छळ हा शब्द कायद्यात आणायला आपल्या चळवळीला फार वर्षं लागली. राजस्थानातल्या भंवरीदेवींवर १९९२ साली झालेल्या बलात्कारानंतर स्त्री-संघटना न्यायालयात गेल्या. त्यातून १९९७ साली विशाखा निकाल आला, २०१३ साली कायदा झाला आणि विद्यापीठ अनुदान आयोगानं उच्च शिक्षणसंस्थांसाठी २०१५ चे विनियम केले. हे हत्यार आपण स्त्रीच्या देहाला, कामाला, शिक्षणाला होणाऱ्या जाचाविरुद्ध घडवलं आहे. न पटणाऱ्या मताविरुद्ध ते वापरलं तर ते बोथट होईल, आणि उद्या तेच आपल्यावरही चालवलं जाईल. कारण आपली मतंही पुष्कळांना अपमानास्पद वाटतात. मंदिरप्रवेश, मासिक पाळी, आंतरजातीय लग्न यांबद्दल एखादी मुलगी व्यासपीठावरून बोलली, तर कुणाच्या ना कुणाच्या भावना दुखावणारच आहेत.

मग मत आणि छळ यांतला फरक ओळखायचा कसा? कॉलेजांमधल्या शिबिरांत मी मुलींना तीन प्रश्न विचारायला सांगते. बोलणं विषयाबद्दल होतं, की नाव घेऊन, बोट दाखवून एखादीबद्दल होतं? तिला त्याच ठिकाणी, तेवढ्याच मोकळेपणानं उत्तर देता येत होतं का? आणि बोलणाऱ्याच्या हाती तिचे मार्क, तिची खोली, तिचं प्रबंधाचं काम असं काही होतं का? व्यासपीठावरचं मूर्ख मत या चाळणीतून मत म्हणूनच खाली येतं. मार्गदर्शकानं केबिनमध्ये बोलावून केलेला ‘विनोद’ मात्र येत नाही.

त्या पाचजणींशी मी दोन वेळा बोलले. पहिल्या वेळी त्या माझ्यावर रागावल्या. एकजण म्हणाली, ‘ताई, तुम्ही आमच्या बाजूच्या की त्याच्या?’ मी तिला विचारलं, ‘सूचना लागल्यावर तुला काय मिळालं?’ ती बराच वेळ काही बोलली नाही. मग म्हणाली, ‘त्याचं बोलून झालं. आमचं राहिलं.’

मला वाटतं, सगळी गोष्ट यात आली. त्या सूचनेमुळे मुलाचा शब्द शेवटचा ठरला. मुलींच्या भावनांच्या नावानं मुलींचंच तोंड बंद झालं, वर कॉलेजभर बोलणं झालं की ‘या पोरींमुळे स्पर्धा बंद पडल्या.’ आणखी एक गोष्ट हळूहळू बाहेर आली. त्यांच्यापैकी एकीला त्या स्पर्धेनंतर व्हरांड्यात आणि फोनवर त्रास दिला जात होता. तो त्रास खराखुरा छळ होता, पण अर्जात तो शेवटच्या दोन ओळींत गेला होता आणि कुणी वाचलाही नव्हता. तिला आम्ही वेगळी तक्रार लिहायला मदत केली. त्याबद्दल अधिक लिहीत नाही, कारण अशी तक्रार गोपनीय राहावी असं कायदाच सांगतो.

दुसऱ्या वेळी मी विचारलं, ‘तेव्हाच उठून उत्तर का दिलं नाहीत?’ एकीनं सरळ सांगितलं, ‘माझा व्हिडिओ फिरला असता. घरी कळलं असतं. घरी कळलं की कॉलेज बंद.’ या मुलीला कुणी नाजूक म्हणणार असेल तर त्यानं आधी तिच्या जागी उभं राहून पाहावं. मुलानं बोलण्याची किंमत शून्य मोजली होती. तिला तेच बोलायला सगळं शिक्षण पणाला लावावं लागत होतं. मनाचा कणखरपणा सगळ्यांना सारख्या भावात मिळत नाही.

जपण्याच्या नावानं कोंडायची ही रीत एका कॉलेजापुरती नाही. २०१५ साली दिल्लीत जामिया मिलिया इस्लामियाच्या मुलींच्या हॉस्टेलमध्ये उशिरा परतण्याची जी थोडी मुभा होती ती काढून घेतली गेली. त्यातून ‘पिंजरा तोड’ ही मुलींची मोहीम उभी राहिली. २०१७ च्या सप्टेंबरमध्ये बनारस हिंदू विद्यापीठाच्या आवारात संध्याकाळी एका विद्यार्थिनीची छेड काढली गेली. सुरक्षारक्षकांनी मदत केली नाही, उलट ‘इतक्या उशिरा बाहेर कशाला?’ असं तिलाच विचारलं गेलं, असं विद्यार्थिनींचं म्हणणं होतं. त्या विद्यापीठाच्या दाराशी धरण्याला बसल्या आणि रात्री लाठ्या खाऊन उठल्या. ज्यांना सातच्या आत घरात हवं असतं, त्यांना रस्त्यावर दिवे हवेत ही मागणी मात्र उद्धटपणाची वाटते.

केरळात तर मुलींच्या एका हॉस्टेलनं संध्याकाळी सहा ते दहा मोबाईल वापरायला बंदी केली होती. अभ्यास नीट व्हावा म्हणून! एका विद्यार्थिनीनं हा नियम मानला नाही म्हणून तिला हॉस्टेलमधून काढलं. ती उच्च न्यायालयात गेली. २०१९ च्या सप्टेंबरमध्ये न्यायालयानं तिला परत घ्यायला सांगितलं, आणि इंटरनेट वापरणं हा शिक्षणाच्या व खाजगीपणाच्या हक्काचा भाग आहे असं म्हटलं. आयोगाच्या २०१५ च्या विनियमांतही स्पष्ट लिहिलं आहे की, सुरक्षिततेचं कारण देऊन मुलींच्या हॉस्टेलला मुलांपेक्षा वेगळे, भेदभावाचे नियम लावू नयेत. किती रेक्टरबाईंनी हे वाचलं आहे, आपल्या गावात विचारून पाहा.

कोंडणं फक्त फाटकाचं नसतं, पुस्तकाचंही असतं. २०१० साली मुंबई विद्यापीठानं रोहिंटन मिस्त्री यांची ‘सच अ लाँग जर्नी’ ही कादंबरी बी.ए.च्या अभ्यासक्रमातून काढली. २०११ साली दिल्ली विद्यापीठानं ए. के. रामानुजन यांचा रामायणाच्या अनेक रूपांवरचा निबंध काढला. दोन्ही वेळी कारण ‘भावना दुखावल्या’ हेच. वीस वर्षांच्या मुलामुलींना मत देऊन सरकार निवडता येतं, पण एक निबंध वाचून त्याच्याशी भांडता येत नाही, असं आपण धरून चालतो. महाराष्ट्रात तर हिंसाचाराच्या भीतीनं १९९४ च्या विद्यापीठ कायद्यानंतर कॉलेजातल्या थेट निवडणुकाच गेल्या आणि प्रतिनिधी मार्कांवर नेमले जाऊ लागले. २०१६ च्या कायद्यात निवडणुकांची तरतूद परत आली, २०१९ साली त्या जाहीरही झाल्या, पण लांबणीवर पडल्या. पंचवीस वर्षं मुलामुलींनी उमेदवारी केली नाही, हरल्या नाहीत, हरून पुन्हा उभ्या राहिल्या नाहीत. मग ‘आजच्या पिढीला अपयश पचत नाही’ म्हणायचा आपल्याला काय अधिकार?

‘नाजूक पिढी’ ही तक्रार हल्ली अमेरिकेतूनही येते. ग्रेग लुकियानॉफ आणि जोनाथन हाइट या दोघांनी तिथल्या विद्यापीठांबद्दल २०१५ साली एक लेख आणि २०१८ साली पुस्तक लिहिलं. नकोशा विचारांपासून विद्यार्थ्यांना वाचवण्यानं त्यांची मनं दुबळी होतात, असं त्यांचं म्हणणं. त्यात तथ्य आहे, आणि मी वर जे लिहिलं ते त्याच्या जवळच जातं. पण ते जसंच्या तसं उचलून आपल्याकडे लावता येणार नाही. त्यांच्या मांडणीतले विद्यार्थी स्वतः संरक्षण मागतात. आपल्याकडे ते न मागता लादलं जातं, आणि मागितलेलं संरक्षण मिळत नाही.

रोहित वेमुला २०१६ साली हैदराबाद विद्यापीठात गेला. डॉ. पायल तडवी २०१९ साली मुंबईत गेली. जातीवरून आपल्या मुलीचा छळ झाला, असं पायलच्या आईचं म्हणणं. अशा वेळी ‘मन कणखर हवं होतं’ असं बोलणाऱ्यांना मी ऐकलं आहे. दोघांच्या आया मिळून २०१९ साली सर्वोच्च न्यायालयात गेल्या. कणखरपणा पाहायचाच असेल तर तो तिथे पाहावा. देशात २०२२ या एका वर्षात १३,००० हून अधिक विद्यार्थ्यांनी आत्महत्या केल्याची सरकारी नोंद आहे. त्यांच्यापैकी कितीजणांना मनातलं बोलायला एक विश्वासाचं माणूस मिळालं असतं तर ते थांबले असते, हा विचार समाजकार्याच्या कामात पाठ सोडत नाही.

म्हणजे दोन्ही गोष्टी एकदम धराव्या लागतील. मताला मतानं उत्तर द्यायची सवय हवी आणि छळाला कायद्यानं रोखायची सोय हवी. एक दिली म्हणून दुसरी काढून घेता येणार नाही. ताराबाई शिंदे आठवा. बुलढाण्याच्या या बाईनं १८८२ साली ‘स्त्रीपुरुष तुलना’ लिहिलं, त्यावर टीकेची झोड उठली. त्यांचं दुसरं पुस्तक आलं नाही. त्या काय कमी कणखर होत्या? पण एकटीच्या कणखरपणाला मर्यादा असते. जोतीराव फुल्यांनी ‘सत्सार’मधून त्यांची बाजू घेतली, तशी घेणारी माणसं त्या काळात थोडीच होती. पुढे ते पुस्तक विस्मरणात गेलं आणि १९७५ साली स. गं. मालशे यांनी ते पुन्हा छापल्यावर आपल्या हाती आलं. बोलणारीच्या मागे उभं राहणारं कुणी नसेल, तर किती शब्द असे पुरले जात असतील.

आमच्या संघटनेनं त्या कॉलेजला पाठिंब्याचं पत्र दिलं नाही. आम्ही लिहिलं : स्पर्धा आणि भित्तिपत्रक सुरू करा. पुढच्या स्पर्धेला तोच विषय ठेवा. या पाचजणींपैकी जिला बोलायचं असेल तिला पहिली संधी द्या, कुणावर सक्ती नको. तिचा व्हिडिओ तिच्या परवानगीशिवाय फिरवला जाणार नाही, याची जबाबदारी कॉलेजनं घ्यावी. हे लिहीपर्यंत उत्तर आलेलं नाही. आम्ही पुन्हा जाणार आहोत.

तुम्हीही आपापल्या गावात काही करू शकाल. विद्यार्थ्यांशी संबंधित तक्रार असेल तर कॉलेजच्या अंतर्गत समितीवर तीन विद्यार्थी-प्रतिनिधी असावेत आणि ते निवडून आलेले असावेत, असं आयोगाचे विनियम सांगतात. ते निवडले गेले का, विचारा. मुलामुलींच्या हॉस्टेलचं फाटक एकाच वेळी बंद होतं का, विचारा. समुपदेशक नेमला आहे का, आणि त्याला भेटायला आधी प्राचार्यांची चिठ्ठी तर लागत नाही ना, तेही विचारा. आणि घरी, मुलगी सुट्टीत आली की तिला एवढं ऐकू द्या : कॉलेजात काही झालं तर तुझं कॉलेज बंद होणार नाही. हे वाक्य आपण खरं करून दाखवलं, तर व्यासपीठावरच्या त्या मुलाला उत्तर द्यायला मुली आपोआप उठतील.

आमच्या सगळ्याच मैत्रिणींना हे पटलेलं नाही. तुम्हाला काय वाटतं ते जरूर कळवा. विरोधातली पत्रं पुढच्या अंकात आधी छापू.